थ्रीडीएसच्या होम मेन्यूवर गेमचे आयकॉन: कोणता फॉरवर्डर घ्यावा आणि तो कुठे अडतो

निन्टेन्डो थ्रीडीएस या हातातल्या कन्सोलवर कस्टम फर्मवेअर (अनधिकृत प्रोग्राम चालू देणारी बदललेली सिस्टिम) बसलं, त्याआधीच्या डीएस कन्सोलचे गेम एसडी कार्डवर चढले, की पहिली कुरकुर सुरू होते ती पायऱ्यांची. आधी ट्वायलाइट मेन्यू प्लस प्लस हा कार्डवरच्या गेमची यादी दाखवणारा प्रोग्राम उघडा, त्याची स्क्रीन येईपर्यंत थांबा, फोल्डरमध्ये शिरा, यादी खाली सरकवा आणि मग कुठे गेम हाती लागतो. रोज दहा मिनिटं एकच कोड्यांचा गेम खेळणाऱ्याला ही वाट फार लांबची वाटते. होम मेन्यूवरच त्या गेमचा आयकॉन हवा आणि बोट ठेवलं की गेम सुरू व्हायला हवा. हे काम फॉरवर्डर करतो.

फॉरवर्डरच्या पोटात गेम नसतो. गेमची फाइल कार्डवर जिथे आहे तिथेच राहते. फॉरवर्डर हा काही शे केबीचा छोटा प्रोग्राम असतो. त्याच्यात फाइलचा पत्ता लिहिलेला असतो आणि तो पत्ता एनडीएस-बूटस्ट्रॅपच्या (कार्डवरचा डीएस गेम प्रत्यक्ष चालवणाऱ्या प्रोग्रामच्या) हवाली करून फॉरवर्डर बाजूला होतो. ही एक गोष्ट नीट लक्षात घेतली की पुढच्या निम्म्या अडचणी आपोआप समजतात. गेमची फाइल दुसऱ्या फोल्डरमध्ये हलवली किंवा तिचं नाव बदललं, तर आयकॉन जागेवर दिसतो पण दाबल्यावर काळी स्क्रीन येते. आयकॉन काढून टाकला तर गेम आणि सेव्ह दोन्ही शाबूत राहतात.

हे आयकॉन बनवायला आज दोन साधनं खरोखर वापरण्यासारखी आहेत. एक कन्सोलवरच चालणारं एनडीएस-फॉरवर्डर, दुसरं कॉम्प्युटरवर चालणारं वाय-ए-एन-बी-एफ (येट अनदर एनडीएस-बूटस्ट्रॅप फॉरवर्डर). तिसरा मार्ग स्वतः सीआयए फाइल (थ्रीडीएसवर प्रोग्राम बसवण्याची फाइल) बांधण्याचा, तो मुख्यतः थ्रीडीएसच्याच होमब्रूसाठी, म्हणजे हौशी प्रोग्रामरांनी बनवलेल्या प्रोग्रामांसाठी. तिन्हींची पारख करताना बहुतेक जण सोपं कोणतं आणि देखणं कोणतं यातच अडकतात. खरा फरक आयकॉन कुठे साठवला जातो यात आहे.

आयकॉन नँडवर की कार्डवर

थ्रीडीएस डीएसचा गेम चालवतो तेव्हा तो आपलं नेहमीचं फर्मवेअर बाजूला ठेवून डीएसआयच्या (डीएसच्या पुढच्या आवृत्तीच्या) मोडमध्ये पुन्हा बूट होतो. डीएसआयवेअर प्रकारचे (डीएसआयसाठी डाउनलोड म्हणून बनलेले) सगळे प्रोग्राम कन्सोलच्या आतल्या मेमरीत, म्हणजे नँडवर, राहतात. एसडी कार्डवर ते बसत नाहीत. आणि होम मेन्यू असे जास्तीत जास्त ४० प्रोग्राम दाखवतो. या चाळीसात विकत घेतलेले खरे डीएसआयवेअर गेमही आले आणि ट्वायलाइटसोबत येणारा गेम बूटरही आला. एक्केचाळिसावा बसवला तर इन्स्टॉल झाल्याचा निरोप येऊ शकतो, पण आयकॉन दिसत नाही. मग माणूस तोच पुन्हा पुन्हा बसवत राहतो.

थ्रीडीएस प्रकारचे प्रोग्राम मात्र कार्डवर राहतात आणि त्यांची मर्यादा ३०० आहे. म्हणजे आठ-दहा आवडीचे गेम समोर ठेवायचे असतील तर नँडवरचे फॉरवर्डर पुरतात. शंभर गेमची मांडणी करायची असेल तर सुरुवातीपासूनच कार्डवरचे घ्यावेत. अर्ध्यावर बदलायचं ठरवलं की आधीचे एकेक करून उडवावे लागतात.

दोन्हींतला फरक डोळ्यांनीही दिसतो. कन्सोल बंद करून कार्ड बाहेर काढा आणि पुन्हा सुरू करा. नँडवरचे फॉरवर्डर होम मेन्यूवर तसेच उभे असतात (दाबले तर अर्थात काही चालत नाही) आणि कार्डवरचे सगळे गायब झालेले असतात. आपल्याकडचा एखादा जुना फॉरवर्डर कोणत्या जातीचा आहे हे ओळखायचा याहून सोपा उपाय नाही.

आधीची तयारी

कस्टम फर्मवेअर म्हणून लुमा थ्रीडीएस आणि ते सुरू करणारं बूट-नाइन-स्ट्रॅप बसलेलं असलं पाहिजे. फॉरवर्डरवर अधिकृत सही नसते आणि लुमा सहीची तपासणी वगळतो म्हणूनच तो चालतो. त्याआधी गॉडमोड नाइन या फायली हाताळणाऱ्या प्रोग्राममधून नँडचा बॅकअप काढून तो कॉम्प्युटरवर ठेवावा; त्यासाठी कार्डवर २ जीबी जागा मोकळी असू द्या. नँडवर लिहिणारं कुठलंही साधन वापरण्याआधी हे केलंच पाहिजे, यात सूट नाही.

कार्ड फॅट-३२ मध्ये फॉरमॅट केलेलं हवं. ३२ जीबीपेक्षा मोठी कार्डं कारखान्यातून एक्सफॅटमध्ये येतात आणि थ्रीडीएस ती वाचतच नाही. फॉरमॅट करताना क्लस्टरचा आकार ३२ केबी ठेवावा. १२८ जीबीच्या कार्डाला ६४ केबी लागतो, पण डीएसच्या बाजूने विचार केला तर ६४ जीबीपर्यंतचं कार्ड आणि ३२ केबीचा क्लस्टर ही जोडी कमी त्रास देते.

एनडीएस-बूटस्ट्रॅप आणि ट्वायलाइट हे दोन्ही युनिव्हर्सल अपडेटर या होमब्रू उतरवणाऱ्या अॅपमधून थेट कन्सोलवर उतरवता येतात. झिप उतरवून फायली हाताने जागच्या जागी ठेवण्यापेक्षा हे कितीतरी बरं, कारण हाताने ठेवताना होणारी चूक ठरलेली असते: कार्डच्या मुळाशी, नावाच्या सुरुवातीला अंडरस्कोर असलेलं एनडीएस नावाचं फोल्डर असायला हवं, ते झिपच्या नावाच्या फोल्डरात जाऊन बसतं. फॉरवर्डर तिथे डोकावत नाही. अंडरस्कोर गळाला तरी तीच गत.

गेमच्या फायली आपल्याच कार्ट्रिजमधून काढायच्या. गॉडमोड नाइन सुरू करा, कार्ट्रिज घाला, सी ड्राइव्हवर गेमची फाइल दिसेल. ती निवडून आउट फोल्डरमध्ये कॉपी करा आणि मग रॉम्स फोल्डरातल्या एनडीएस या उपफोल्डरात हलवा. कार्ट्रिजमधली सेव्ह फाइलही तिथूनच निघते. तिचं नाव गेमच्या फाइलशी अक्षर न् अक्षर जुळवा आणि गेमच्या फोल्डरातल्या सेव्ह्ज या उपफोल्डरात ठेवा. एखादं रिकामं अक्षर जरी जास्तीचं राहिलं तरी गेम नवी कोरी सेव्ह बनवतो आणि जुनी गेली असं वाटून काळजाचा ठोका चुकतो. ती गेलेली नसते, फक्त नाव जुळलेलं नसतं.

फायलींची नावं याच टप्प्यावर छोटी आणि साध्या रोमन अक्षरांत करून घ्या. स्वरचिन्हं, जपानी अक्षरं, दोन-दोन कंस यांना फाटा द्या. एकदा आयकॉन बनले की नाव बदलण्याची सोय राहत नाही.

कन्सोलवरचं एनडीएस-फॉरवर्डर

याच्यासारखं झटपट साधन दुसरं नाही. अॅप उघडायचं, गेमच्या फोल्डरपर्यंत जायचं, फाइल निवडायची. काही सेकंदांत होम मेन्यूवर आयकॉन हजर. कॉम्प्युटर लागत नाही, कार्ड बाहेर काढावं लागत नाही, सीआयए फाइल बनवून मग एफबीआय या इन्स्टॉलरमधून ती बसवण्याची दुसरी फेरी नाही. पहिल्यांदाच हे करणाऱ्याने इथूनच सुरुवात करावी.

दिसण्याच्या बाबतीत मात्र ते फार साधं आहे. आयकॉन गेमच्या फाइलमधूनच उचलला जातो आणि डीएसचा आयकॉन मुळात ३२ बाय ३२ पिक्सेलचा, १६ रंगांच्या पॅलेटचा, त्यातही एक रंग पारदर्शक जागेसाठी राखीव. थ्रीडीएसचे स्वतःचे आयकॉन ४८ बाय ४८ चे असतात. दोन्ही शेजारी आले की डीएसवाला चौकटीत लहानसा बसलेला दिसतो. वरच्या स्क्रीनवर थ्रीडीएसच्या गेमसारखा हलता बॅनर आणि सूर येत नाही; सगळ्या डीएसआयवेअरला मिळतो तोच सर्वसाधारण देखावा मिळतो. काहींना हेच आवडतं, कारण अधिकृत डीएसआयवेअरच्या रांगेत ते वेगळे पडत नाहीत.

याची खरी मेख वेगळीच आहे. डीएसआयवेअरचा टायटल आयडी (प्रोग्रामची ओळख-संख्या) गेमच्या चार अक्षरी कोडवरून ठरतो आणि एका आयडीवर कन्सोल एकच प्रोग्राम ठेवतो. मूळ गेम आणि त्याचं चाहत्यांनी केलेलं भाषांतर, या दोन फायलींचा कोड एकच असतो, कारण भाषांतराचा पॅच तो कोड सहसा बदलत नाही. दोन्हींचे फॉरवर्डर बनवले तर दुसरा पहिल्याच्या जागी बसतो, तेही काही न सांगता. होमब्रूमध्ये तर हे जास्तच घडतं. डीएसची होमब्रू फाइल बांधताना कोड दिला नाही तर एनडीएस-टूल हे फाइल बांधणारं साधन तिथे चार हॅश चिन्हं भरतं आणि बहुतेक हौशी प्रोग्रामर कोड देतच नाहीत. तीन वेगवेगळे होमब्रू गेम बसवले आणि आयकॉन मात्र शेवटच्याचाच उरला, तर साधन बिघडलेलं नाही, कोड एक झालेत. उपाय म्हणजे आयकॉन बनवण्याआधी फाइलच्या हेडरमधला (सुरुवातीच्या माहिती-भागातला) कोड बदलणं: हेक्स एडिटरमध्ये ००सी या ऑफसेटपासूनचे चार बाइट. बदलल्यावर हेडरचा चेकसम (तपासणीची बेरीज) पुन्हा मोजून घ्यावा लागतो, नाहीतर काही लोडर फाइल नाकारतात. विकत मिळणाऱ्या गेमचा कोड मात्र बदलू नये. चीट आणि कॉपी-संरक्षणावरचे पॅच त्याच कोडवरून शोधले जातात. तिथे मूळ किंवा भाषांतर, दोघांपैकी एकाचाच आयकॉन ठेवावा आणि दुसरा ट्वायलाइटमधून उघडावा.

वाय-ए-एन-बी-एफ

नाव लांबलचक आहे, पण कल्पना फार सुरेख आहे. हे साधन आयकॉन थ्रीडीएस प्रकारचा बनवतं, म्हणून तो कार्डवर बसतो आणि चाळीसच्या मर्यादेत मोजला जात नाही. डीएसआयच्या मोडमध्ये जाण्यासाठी तरीही नँडवर काहीतरी लागतंच. त्यासाठी एकच छोटा बूटस्ट्रॅप प्रोग्राम एकदा बसवायचा आणि सगळे आयकॉन तोच वाटून वापरतात. दीडशे आयकॉन असले तरी नँडवरची जागा एकच.

काम असं चालतं. कॉम्प्युटरवर जनरेटर उघडायचा, गेमची फाइल दाखवायची, तो सीआयए फाइल बनवून देतो. वरच्या स्क्रीनसाठी बॉक्सचं चित्र लावता येतं, स्वतःचं चित्रही देता येतं. सीआयए कार्डवर टाकून एफबीआयने बसवायची. बूटस्ट्रॅपचा सीआयएही तसाच, पण आधी. तो राहून गेला तर आयकॉन दिसतो आणि दाबल्यावर त्रुटी येते. नवख्या लोकांची सगळ्यात जास्त तक्रार याच एका चुकलेल्या पायरीमुळे असते.

दुसरी ठरलेली चूक पत्त्याची. जनरेटरला फाइल कार्डवरून दाखवली तर पत्ता आपोआप बरोबर बसतो. फाइल कॉम्प्युटरच्या डिस्कवरून दाखवली, तर ती कार्डवर कुठे असणार हे हाताने सांगावं लागतं. डिस्कवर डाउनलोड्समध्ये पडलेली फाइल दाखवली आणि पत्त्याकडे बघितलंच नाही, की आयकॉन कार्डवर नसलेल्या जागी गेम शोधत बसतो. म्हणून कार्ड रीडरला लावून कार्डवरचीच फाइल निवडावी. वेळ तेवढाच लागतो.

सुरू व्हायला हा प्रकार नँडवरच्या फॉरवर्डरपेक्षा किंचित हळू आहे, कारण आधी थ्रीडीएसचा प्रोग्राम उठतो, तो पत्ता लिहून ठेवतो, मग कन्सोल डीएसआयच्या मोडमध्ये जातो, मग बूटस्ट्रॅप आणि मग गेम. मध्ये एक-दोनदा स्क्रीन काळी होते. ते नेहमीचंच आहे, घाबरून पॉवरचं बटण दाबू नये. कोणत्याही गेमची पहिली सुरुवात तर आणखी सावकाश होते. एनडीएस-बूटस्ट्रॅप तेव्हा फाइलचे तुकडे कार्डवर कुठे कुठे आहेत याची नोंद करून ठेवतो आणि पुढच्या वेळी तीच वापरतो.

पिक्सेल स्वच्छ हवे असणाऱ्यांसाठी एक गोष्ट. डीएसची स्क्रीन २५६ बाय १९२ ची. थ्रीडीएस ती ताणून ३२० बाय २४० करतो, म्हणजे सव्वापट, आणि त्यात अक्षरं धूसर होतात. आयकॉन दाबताना स्टार्ट किंवा सिलेक्ट धरून ठेवलं तर गेम मूळ मापात, काळ्या चौकटीत उघडतो. वाय-ए-एन-बी-एफच्या आयकॉनला बटण गेमची स्क्रीन दिसेपर्यंत सोडू नये, कारण माप ठरतं ते मोड बदलताना. लवकर सोडलं की ताणलेलंच चित्र मिळतं.

दोन्ही साधनांतून उघडलेला गेम चालवणारं इंजिन एकच, एनडीएस-बूटस्ट्रॅप. त्यामुळे ‘या फॉरवर्डरने गेम जास्त चांगला चालतो’ अशा तुलनेत तथ्य नाही. गेममध्ये असताना एल, खालची दिशा आणि सिलेक्ट एकत्र दाबलं की एनडीएस-बूटस्ट्रॅपचा मेन्यू उघडतो. थ्रीडीएसच्या बाजूला हीच बटणं लुमाचा रोझालिना मेन्यू उघडतात. डीएसच्या मोडमध्ये रोझालिना नसतो, म्हणून दोघांची टक्कर होत नाही.

थ्रीडीएसचे स्वतःचे होमब्रू

इथे आधी एक प्रश्न विचारावा: फॉरवर्डर लागतोय का? चेकपॉइंट, रेट्रोआर्क, अनेमोन असे बरेच नावाजलेले प्रोग्राम थ्रीडीएसएक्स (होमब्रू लाँचर या प्रोग्राममधून उघडणारी फाइल) आणि सीआयए अशा दोन्ही रूपांत मिळतात. सीआयए असेल तर तीच बसवा, आयकॉन आपोआप येतो. फॉरवर्डर हवा तो फक्त थ्रीडीएसएक्समध्येच असलेल्या गेमसाठी, जो एरवी होमब्रू लाँचरमधूनच उघडतो.

मेमरीचा मुद्दाही इथेच येतो. थ्रीडीएसएक्स फाइल दुसऱ्या एखाद्या प्रोग्रामची जागा घेऊन चालते आणि त्या प्रोग्रामला मिळालेली मेमरीच तिच्या वाट्याला येते. जुन्या थ्रीडीएसवर एकूण मेमरी १२८ एमबी, त्यातली अॅपसाठी साधारणपणे ६४. न्यू थ्रीडीएसवर एकूण २५६ आणि अॅपसाठी १२४. सीआयए म्हणून बांधलेला प्रोग्राम जुन्या कन्सोलवर ८० किंवा ९६ एमबीचा मोड मागू शकतो. म्हणून एखादा जड गेम होमब्रू लाँचरमधून उघडताना मध्येच कोसळत असेल आणि त्याची सीआयए मिळत असेल, तर ती बसवल्याने आयकॉनही मिळतो आणि कोसळणंही थांबू शकतं. निव्वळ पत्ता देणाऱ्या फॉरवर्डरने हा दुसरा फायदा मिळत नाही.

स्वतः सीआयए बांधायची असेल तर बॅनरटूल (आयकॉन आणि बॅनर बनवणारा) आणि मेकरॉम (सीआयए बांधणारा) हे दोन प्रोग्राम पुरतात. मापं काटेकोर आहेत. आयकॉनचं चित्र ४८ बाय ४८ पिक्सेल; त्यावरून २४ बाय २४ चा छोटा आयकॉन बनतो. बॅनरचं चित्र २५६ बाय १२८ पिक्सेलचं पीएनजी. आवाज वेव्ह फाइलमध्ये, तीन सेकंदांच्या आत. गेमचं अख्खं शीर्षकगीत घालायचा मोह टाळा. छोट्या नावाला ६४ अक्षरं, मोठ्या नावाला १२८, प्रकाशकाच्या नावाला ६४ एवढी जागा असते. बॅनरमधलं चित्र कडेपर्यंत भरू नये. चारी बाजूंनी आठ-दहा पिक्सेल पारदर्शक सोडले की वरच्या स्क्रीनवर ते सुटसुटीत तरंगतं, नाहीतर पोस्टरचा कापलेला तुकडा चिकटवल्यासारखं दिसतं. आयकॉनमध्ये अक्षरं तर घालूच नयेत. होम मेन्यू सहा ओळींवर नेला की ४८ पिक्सेलच्या चित्रातलं नाव कुणालाच वाचता येत नाही. एखादा चेहरा, एखादी वस्तू, ठळक एक रंग ओळखू येतो.

मेकरॉमच्या सेटिंग फाइलमध्ये युनिक आयडी द्यावा लागतो. नमुन्याची फाइल जशीच्या तशी वापरली तर सगळ्या प्रोग्रामांचा आयडी एकच होतो आणि पुन्हा तीच गत, एक दुसऱ्यावर बसतो. दिलेल्या आयडींची एक साधी यादी जवळ ठेवा.

बिघाड आणि त्यांची कारणं

बॅनर चुकीचा बांधला गेला असेल तर आयकॉनवर नुसतं जाताच होम मेन्यू गोठतो, कारण निवडल्याक्षणी मेन्यू बॅनर वाचायला घेतो. कन्सोल पुन्हा सुरू केला तरी मेन्यू शेवटच्या निवडलेल्या आयकॉनवरच उघडतो आणि पुन्हा गोठतो. अशा वेळी स्टार्ट धरून कन्सोल सुरू करा, गॉडमोड नाइनमध्ये ए ड्राइव्हवर आर आणि ए एकत्र दाबा, टायटल मॅनेजर उघडा आणि तेवढा प्रोग्राम काढून टाका. बाकी काहीही पुसण्याची गरज नसते.

काल चालणारा गेम आज काळ्या स्क्रीनवर अडकतोय आणि मधल्या काळात कार्ड बदललंय किंवा फायली नव्याने कॉपी झाल्यात? मग जुनी झालेली तुकड्यांची नोंद हे कारण बहुतेक ठरलेलंच. अंडरस्कोर-एनडीएस फोल्डरमध्ये एनडीएस-बूटस्ट्रॅपचं उपफोल्डर असतं. त्यातली फॅटटेबल आणि पॅचऑफसेटकॅश ही दोन फोल्डरं पुसून टाका. ती आपोआप पुन्हा तयार होतात, सेव्हला धक्का लागत नाही. आयकॉन उडवून नवा बनवण्याआधी हे करून बघावं. नव्या आयकॉननेही जुनीच नोंद वाचली तर सगळी मेहनत वाया जाते.

गेम सुरू होतो पण ठरावीक जागी थांबतो, दार उघडत नाही, संवाद पुढे सरकत नाही, असं असेल तर ती बहुधा गेममधलीच कॉपी-संरक्षणाची युक्ती असते. त्यावरचे पॅच फॉरवर्डरच्या पॅकसोबत (फॉरवर्डरला लागणाऱ्या फायलींच्या संचासोबत) येतात आणि त्याच अंडरस्कोर-एनडीएस फोल्डरात बसतात. पॅक जुना असेल तर नवा टाकावा.

आयकॉन नवा बनवला, तोच आयडी ठेवून पुन्हा बसवला, तरी जुनंच चित्र दिसतंय? होम मेन्यू आयकॉनची प्रत आपल्या कॅशमध्ये ठेवतो. त्याचा एक्सडेटा (मेन्यूने कार्डवर ठेवलेला जादा डेटा) पुसला की ती जाते खरी, पण फोल्डरांची मांडणीही त्याच्यातच असते आणि ती संपूर्ण जाते. शंभर आयकॉन पुन्हा लावत बसण्यापेक्षा नव्या चित्राची सीआयए वेगळ्या आयडीने बांधावी आणि जुना प्रोग्राम काढून टाकावा, हे कधीही परवडतं.

एफबीआय प्रत्येक सीआयएला नकार देत असेल आणि कार्ड नवं कोरं असेल, तर कार्डवरचा टायटल डेटाबेस (बसवलेल्या प्रोग्रामांची नोंदवही) बनलेला नाही. सिस्टिम सेटिंग्जमध्ये डेटा मॅनेजमेंट, मग निन्टेन्डो थ्रीडीएस, मग सॉफ्टवेअर एवढं उघडा; डेटाबेस नसेल तर कन्सोल तो बनवायचा का असं विचारतो, हो म्हणा. मात्र आधीपासून गेम असलेल्या कार्डावर हाच प्रश्न आला तर थांबा, बॅकअप घ्या. होकार दिला की आधीचे आयकॉन दिसेनासे होतात.

मांडणी

नवा बसवलेला प्रत्येक आयकॉन भेटवस्तूच्या कागदात गुंडाळून येतो. पाच असतील तर उघडायला मजा येते, ऐंशी असतील तर बोट दुखतं. क्थुल्हू नावाच्या होमब्रूमध्ये सगळे एकदम उघडण्याची सोय आहे. एका फोल्डरात ६० आयकॉन मावतात, फोल्डरंही ६० करता येतात. पण ३०० ची सीमा सगळ्यांची मिळून असते, हे विसरू नये. ती ओलांडली की काही आयकॉन दिसत नाहीत आणि कोणते दिसणार नाहीत यावर आपला ताबा नसतो. अडीचशेच्या आसपास हात आखडता घ्यावा. ट्वायलाइट काढून टाकण्याची घाईही करू नये. रोजचे वीस-तीस गेम होम मेन्यूवर आणि बाकीचा संग्रह ट्वायलाइटमध्ये, ही विभागणी सगळ्यात कमी देखभालीची आहे, आणि गेमनिहाय सेटिंग तपासायला तो लागतोच.

बनवलेल्या सीआयए फायली एका फोल्डरात कॉम्प्युटरवर जपून ठेवाव्यात. त्याच कन्सोलसाठी मोठं कार्ड घेतलं तर निन्टेन्डो थ्रीडीएस नावाचं फोल्डर जसंच्या तसं कॉपी केल्यावर आयकॉन परत येतात. दुसऱ्या कन्सोलमध्ये तेच कार्ड घातलं तर एकही येत नाही, कारण ते फोल्डर प्रत्येक कन्सोलच्या स्वतःच्या किल्लीने कुलूपबंद केलेलं असतं. तिथे नँडवरचा बूटस्ट्रॅप पुन्हा बसवायचा आणि जपलेल्या सीआयए एफबीआयला एकदम द्यायच्या. फोल्डरवर जाऊन त्यातल्या सगळ्या सीआयए बसवण्याचा पर्याय निवडला की तो एकामागून एक लावत जातो. रॉम्सचं फोल्डर कुलूपबंद नसतं, त्यामुळे गेम आणि सेव्ह तिथे आधीच पोचलेल्या असतात. फक्त फोल्डरांची रचना पहिल्या कन्सोलवर होती तशीच हवी.